दुसरी पाळी

रीळ सापडलं ते शेवेच्या डब्यात,
परदेशीपुऱ्यातल्या युनियन ऑफिसच्या माळ्यावर.
झाकण काढलं तर सिरक्याचा वास.
आठ मिलिमीटर. साडेतीन मिनिटं. आवाज नाही.
डब्यावर खडूनं कुणीतरी लिहिलेलं:
गेट, दुसरी पाळी.

मी आणि दिघे महिनाभर
त्या साडेतीन मिनिटांपुढे बसून होतो.
गेंदालाल ट्रकच्या टपावर,
तोंड उघडतंय, मिटतंय,
मूठ वर जातेय.
खाली टोप्या, फेटे, एक छत्री.
फिल्मचा कणा हाच, मी म्हणत होते.
यावर घोषणा टाकू, दिघे म्हणाला,
स्टुडिओत दहा पोरं उभी करू, वरून थोडा घुमारा.
गेंदालालला जाऊन एकोणीस वर्षं झालेली.
त्याला कोण विचारणार होतं.

तेव्हा मला लाज वाटली नाही, हेही इथे लिहून ठेवते.

उखर्डूअण्णा आले होते
थकबाकीचा आकडा सांगायला.
कानाला यंत्र, त्याचा सेल उतरलेला.
बत्तीस वर्षं साचेखात्यात.
तीनशे साचे एकदम बडबडायला लागले
की माणसं गळा मिटतात, ओठांवर येतात.
चहा येईतो त्यांनी सहज मॉनिटरकडे पाहिलं.
"अरे, हा तर नावं वाचतोय."

कसली नावं?

"बदलीवाल्यांची. त्या दिवशी आत घेतलं नाही त्यांना.
मागे घे जरा. सुपडू. देवचंद. इशाक.
दोन इशाक होते, हा लंगडा."

दुसऱ्या दिवशी ते रीलिंगच्या नसीबन बींना घेऊन आले.
दोघं काचेला नाक लावून,
जसं कुणी खिडकीतून आपली गल्ली बघावी.
आम्हाला त्या गर्दीत एक माणूस बोलताना दिसत होता.
त्यांना अकरा.
छत्रीवाला: पोराला शाळेतून आणायचं कोणी?
पांढरी टोपी: माझा डबा आत राहिला.
शिपायाजवळचा, अर्धा फ्रेमबाहेर: काचा फोडू नका रे.
("दो बार बोला," नसीबन बी म्हणाल्या,
"दूसरी बार गाली के साथ.")
आणि गेंदालाल, ती मूठ, जिच्यावर आम्ही पोस्टर बेतलं होतं,
ती वर नेता नेता:
पानी. पानी दो कोई.

दिघे उठून बाहेर गेला. काडी ओढल्याचा आवाज आला,
मग बराच वेळ काही नाही.

शेवटी एक जण सरळ कॅमेऱ्यात बघतो.
कोवळा. मिशी नुकती फुटलेली.
चार सेकंद काहीतरी सांगतो.
दोघांनी एकमेकांकडे पाहिलं.
काय म्हणतोय?
"राहू दे त्याचं."
मी तीनदा विचारलं.
आमच्या धंद्यात याला चिकाटी म्हणतात.
"घर की बात है, बेटा," नसीबन बी म्हणाल्या
आणि चष्मा डबीत ठेवला.

जाताना अण्णा दारातून परतले.
"मी आकडा सांगायला आलो होतो. तो घे आधी."
एक लाख त्रेचाळीस हजार दोनशे सात.
दोनदा म्हणवून घेतला माझ्याकडून,
माझ्या ओठांकडे बघत.

फिल्म दाखवली मिलच्या मागच्या गल्लीत.
विजेच्या खांबापासून हापशापर्यंत चादर,
प्रोजेक्टरखाली दोन विटा.
पुढच्या सतरंजीवर साचेखातं, रीलिंग,
मागे मोटारसायकलींवर त्यांची नातवंडं.
मी मेहनतीनं पट्टीवर अक्षरं बसवली होती.
पुढच्यांनी ती वाचलीच नाहीत.
काचा फोडू नका रे, ला
ते हसले, आणि मग अक्षरं आली,
आणि मग मागचे हसले.

कोवळ्या पोराच्या चार सेकंदांखाली
मी पट्टी कोरी ठेवली होती.
पुढची सतरंजी गप्प झाली.
कुणाचा तरी हात कुणाच्या तरी पाठीवर गेला.
"क्या बोला? क्या बोला?"
मागून पोरं विचारत राहिली.
पुढून एकानंही मान वळवली नाही.
ऐकू आलं नसेल.